कुंपणावरची काळी लोकर

ही गोष्ट मी कुणाला सांगितलेली नाही. बायकोला नाही, पोरांना नाही, देवापुढं बसलो तेव्हाही नाही. आमच्या वाड्यात त्या साली खरूज आली ती माझ्या मेंढरांनी आणली, आक्काच्या नाही. सगळा वाडा आजही आक्काचं नाव घेतो, आणि आक्का स्वतःही आपलंच नाव घेते. हे तेवढं आधी लिहून घ्या सर, मग बाकीचं सांगतो, नाहीतर मी नेहमीसारखा इकडचं तिकडचं सांगत बसेन आणि हेच राहून जाईल.

मी नामदेव. जात धनगर, गाव नीरेच्या पलीकडं, जिरायती, पाऊस पडला तर पडला. गाव म्हणायचं आपलं कागदाला, कारण माझा जन्म गावात झालाच नाही, घाट उतरताना वाटेवर झाला, वाडा दुपारपुरता थांबला आणि दिवस कलायच्या आत पुन्हा चालायला लागला. वाडा म्हणजे तुमचा दगडामातीचा नव्हे बरं का. आमचा वाडा म्हणजे पाच-सहा घरांची मेंढरं, माणसं, घोडी, कुत्री, कोंबड्या, सगळं मिळून चालणारं एक बिऱ्हाड. आई माझ्या लहानपणीच गेली, मला तिचं तोंड आठवत नाही. आठवते ती आक्का. माझी थोरली बहीण. घोडीवर एका बाजूला कोंबड्यांची पाटी आणि दुसऱ्या बाजूला मी, असं मला तिनं घाट उतरवून वाढवलं. कोंबडी ओरडली की मी रडायचो आणि मी रडलो की कोंबड्या, तात्या आक्काला म्हणायचा, आगं सखू, दोन्हीतलं एक तरी वीक.

तात्या म्हणजे आमचा चुलता, वाड्याचा खिल्लारी. कुठं जायचं, कुणाच्या शेतात बसायचं, कुणाचं जनावर आजारी तर काय करायचं, हे सगळं खिल्लारी ठरवणार आणि बाकीच्यांनी ऐकायचं. आक्काचं लग्न झालं, नवरा चांगला होता, पण सापाचं निमित्त झालं आणि ती आपली मेंढरं घेऊन माघारी आमच्या वाड्यात आली. मूलबाळ नाही. तिचा कळप सगळा काळा. काळ्या लोकरीचं घोंगडं उन्हापावसाला सारखंच, आणि रंग द्यावा लागत नाही, म्हणून तिनं वेचून वेचून काळं तेवढं ठेवलेलं. चालताना हातात चाती फिरत असायची, सूत निघत असायचं, नजर मेंढरांवर आणि तोंड माझ्यावर. आरं नाम्या, पाय उचल, मेंढरू तुझ्यापरीस झपाझप चालतंय. ही माझ्या खुर्चीवर घोंगडी बघितली ना तुम्ही, जिच्यावरून विषय निघाला, ती तिच्याच हातच्या सुताची. शेवटची.

दिवाळी झाली की आम्ही घाट उतरून इकडं पनवेलला यायचो. भात कापून झालेलं, शेतं मोकळी, आणि शेतकऱ्याला मेंढरं शेतात बसवून हवी असायची, लेंडीमुताचं खत. आज याच्या शेतात, उद्या त्याच्या, त्यावर भात मिळायचं, दाणे मिळायचे. इथं विचुंब्याला धर्माशेट म्हणून शेतकरी होते, आगरी, मोठे बोलके. आम्ही दिसलो की बांधावरूनच हाका, आलास काय रं धनगरा, तुजी मेंढरा आमचेच शेतान बसव, त्या शेजाऱ्याचे शेतान बसवशील तं बग, त्यानी मना गेल्या साली वाट नाय दिली. तात्या हसायचा. तुम्ही आता जिथं राहता, ही ए विंग, बी विंग, ती पोरांची घसरगुंडी, हे सगळं धर्माशेटचं भाताचं शेत होतं. मी इथं गेटवर बसतो तेव्हा मला अजून बांध दिसतो. सोसायटीच्या लोकांना वाटतं वॉचमन रिकामा बघत बसलाय.

आता मेंढराच्या दुखण्याचं सांगतो, त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. आमचं मेंढरू लोकरीचं, कोरड्या मुलखाचं. त्याला कोकण पचत नाही. ओल्या खाचरातलं गवत खाल्लं की काळजात किडे होतात, जबड्याखाली पाण्याची पिशवी लोंबायला लागते आणि मेंढरू बघता बघता वाळून जातं. खुरं कुजतात. गोचीड तर विचारू नका. म्हणून मिरगाच्या आत आम्ही घाट चढून वर. पण या सगळ्यांत वाईट खरूज. डोळ्यांना दिसत नाही असा किडा लोकरीच्या मुळाशी जाऊन बसतो, मेंढरू खांबाला घासतं, झाडाला घासतं, लोकर पुंजक्यांनी गळते, खाली कातडीवर खपल्या, आणि एकाला झालं की सगळ्या कळपाला. थंडीत तर वणव्यासारखं. देवी आली, तोंडखुरी आली तर लस असते, दैव असतं. खरूज माणूस आणतो. न बघता, न सांगता, तोच आणतो.

म्हणून वाड्याच्या दोन रीती होत्या. एक, बाजारातून आणलेलं जनावर एक अमावास्या उलटेपर्यंत वेगळं बांधायचं, कळपात सोडायचं नाही. दुसरी, ज्याला खरूज दिसली त्यानं त्याच दिवशी खिल्लाऱ्याला सांगायचं आणि आपला कळप घेऊन वाड्यापासून लांब, वाऱ्याच्या खालच्या अंगाला जाऊन बसायचं, औषधाची आंघोळ दोनदा होईपर्यंत. एकट्यानं. त्याला भाकरी अर्ध्या वाटेवर नेऊन ठेवायची, जवळ जायचं नाही. ऐकायला सोपं वाटतं. पण पनवेलच्या आसपास एकटा कळप म्हणजे चोराला आमंत्रण. आदल्याच साली माझ्या एका चुलतभावाला असं वेगळं बसवलेलं, टेंपो लावून चोरांनी त्याची निम्मी मेंढरं भरून नेली, सकाळी तो नुसती वाघूर, म्हणजे कळपाभोवती लावायची जाळी, हातात धरून बसलेला. ते मी बघितलं होतं. हे मी माझ्या बाजूनं सांगत नाही, झालं ते सांगतोय.

त्या साली खाली उतरायच्या आधी मी बाजारातून एक एडका घेतला. काय सांगू तुम्हाला, असा एडका मी पुन्हा बघितला नाही. शिंगं दोन वेढ्यांची, छाती अशी, चालला की बाजार वळून बघायचा. तात्याच्या मागं खिल्लारी कोण, अशी तेव्हा वाड्यात कुजबुज असायची, आणि माझं नाव घेतलं जायचं, आणि ते मला आवडायचं. एडका आणला आणि त्याच दिवशी कळपात सोडला. मेंढ्या माजावर होत्या, वेगळा बांधला असता तर हंगाम गेला असता. खाली निघायला वाडा जमला तेव्हा आक्का आली, एडक्याभोवती फिरली, त्याच्या पाठीवर हात ठेवला. म्हणाली, देखणा हाय. येगळा बांधत्योस ना? मी म्हणलं, गावाकडं बांधला होता, आता कशाला. म्हणाली, मग बरं.

तिनं मला लहानपणी शिकवलेलं, आठवड्यातनं एकदा प्रत्येक मेंढराच्या खांद्यावर लोकर दोन बोटांनी फाकायची आणि कातडी बघायची. बोट लोकरीत घाल नाम्या, लोकर वरनं कुणाचीबी चांगलीच दिसती. मी ते करत होतो. म्हणजे मला उशिरा कळलं असं म्हणायला जागा नाही. संक्रांत झाली, थंडी होती, एडका धर्माशेटच्या बांधावरच्या करवंदीला मान घासत होता. मी लोकर फाकली. खाली लाल आणि खपल्या. मग शेजारच्या दोन मेंढ्या बघितल्या. त्यांनाही.

मी तात्याकडं निघालो होतो. खरंच निघालो होतो, अर्ध्या शेतापर्यंत गेलो. तात्या चूल पेटवत होता, त्यानं विचारलं, काय रं? मी म्हणलं, काही नाही, काडेपेटी द्या. काडेपेटी माझ्या खिशात होती.

त्या दिवसापासून मी एक काम करायला लागलो. पहाटे सगळ्यांच्या आधी उठायचं आणि कुंपणावर, काट्यांवर, खांबांवर माझ्या मेंढरांची लोकर अडकलेली असायची ती वेचायची. माझा कळप पांढरा-तांबूस. पुंजका न पुंजका वेचून नाल्याकडं नेऊन पुरायचा. बायकोनं एकदा विचारलं, एवढ्या पहाटे कुठं जाता. म्हणलं, पोट बिघडलंय. तिनं ओव्याची पूड करून दिली. रोज द्यायची बिचारी, आणि मी खायचो.

शिमग्याच्या आधी कातरण असतं. कातरण म्हणजे आमच्याकडं सणच. मजुरी कुणी घेत नाही, सावडीनं एकमेकांची मेंढरं कातरायची आणि ज्याची मेंढरं त्यानं मटणाचं जेवण घालायचं. लोकरीला आता कुणी विचारत नाही सर, फुकट द्या म्हणलं तरी नेत नाहीत, पूर्वी व्यापारी दारात यायचे. पण कातरावं लागतंच, लोकर वाढली की त्यात गोचीड, घाण, उकाडा. माझी चार-पाच मेंढरं जास्त खराब होती. कातरणाला दहा माणसांचे हात लोकरीत जाणार, खपल्या दिसणार. म्हणून आदल्या दिवशी सगळे बाजारला पनवेलला गेलेले असताना मी ती चार-पाच एकट्यानंच कातरून घेतली. म्हणलं सगळ्यांना, फार कुसळं भरली होती. तात्या म्हणाला, वा, आता पुतण्या आमचा सावड बी ठेवंना. सगळे हसले.

दुसऱ्या दिवशी वाड्याचं कातरण सुरू झालं. आणि आमच्यात अशी रीत, बहिणीची मेंढरं भावानं कातरायची, बाकी कुणी नाही. मी माझी कातर घेऊन आक्काच्या कळपात बसलो. तीच कातर. पाय बांधायचा दोर तोच. खाली अंथरलेलं पटकूर तेच. पुसून घेतली होती मी कातर, धोतराला. एवढंच. एकेक मेंढी ती धरून आणायची, मी आडवी पाडायचो, आणि ती माझ्या शेजारी बसून काळी लोकर मांडीवर गोळा करायची आणि म्हणायची, हळू रं, तिला कोकरू हाय पोटात. मी ती काळी मेंढरं सगळी कातरली. माझ्या हातानं एकेकीला ते लावलं.

मग मी माझ्या कळपाला आंघोळ घातली. वाड्याला सांगितलं गोचीड झालंय, कातरणानंतर गोचिडाचं औषध घालतातच, त्यात कुणाला शंका यायचं कारण नाही. पनवेलच्या दुकानातून औषध आणलं, नाल्याकाठी खड्डा करून प्लास्टिक अंथरलं, पाणी भरलं, मी आणि बायको, एकानं धरायचं, एकानं बुडवायचं. हे दोन माणसांचं काम आहे सर, हे लक्षात ठेवा. पाणी शिल्लक होतं. मला वाटलं, आक्काची मेंढरं याच पाण्यातून काढावी, विषय मिटला. मी तिला म्हणलं, आक्का, तुझीपण काढू का? ती म्हणाली, माझ्याला गोचीड न्हाई, गाभण हायेत, उगा इखात कशाला घालू? मी म्हणलं, काढून घे ना. म्हणाली, का? 

एवढंच विचारलं तिनं. का. मी पाणी ओतून दिलं.

शिमगा झाला. माझी मेंढरं बरी होत चाललेली, पंधरवड्यानं दुसरी आंघोळ घातली, लोकरीचे नवे कोंब दिसायला लागले. मी पहाटे उठून कुंपण बघायचो, सवय लागलेली. एका सकाळी करवंदीवर पुंजके होते, आखूड, कातरणानंतर आलेल्या लोकरीचे. काळे. दोन-तीन ठिकाणी. आख्ख्या वाड्यात काळा कळप एकच. मी तिथं उभा होतो, हात पुढं केला होता. माझे सगळे पुंजके मी वेचले होते, तेही वेचता आले असते आणि तिला बाजूला घेऊन सांगता आलं असतं. मी हात मागं घेतला. ते तसेच ठेवले. तुम्ही विचाराल का. उजाडायला लागलं होतं असं मी स्वतःला पुष्कळ वर्षं सांगितलं. उजाडलं नव्हतं. मला दिसलं होतं की हे कुणीतरी बघितलं की मी सुटलो.

तात्यानंच बघितलं. न्याहारीच्या आत सगळा वाडा गोळा केला. तोवर तात्याच्या दोन मेंढरांनाही लागलेलं निघालं. तात्या काळे पुंजके मुठीत धरून उभा, पण तो न्यायाचा माणूस, म्हणाला, नुसत्या लोकरीवनं मी कुनाला बोल लावनार न्हाई. बिरोबाचा भंडारा काढा. ज्याला आपल्या कळपाची खात्री हाय, मी आनली न्हाई, मी लपीवली न्हाई, त्यानं भंडारा उचलायचा. हळदीचा भंडारा मुठीत घेऊन खोटं बोलणारा आमच्यात नव्हता सर. तोवर नव्हता.

एकेकजण पुढं झाला. उचलला, कपाळाला लावला. माझी पाळी आली. मी भंडारा मुठीत घेतला. मी म्हणलं, माझ्या कळपानं आणली न्हाई, मी लपीवली न्हाई, आणि कपाळाला लावला. तात्यानं माझ्या पाठीवर थाप मारली.

मग आक्का. ती पुढं आली, देवापुढं वाकली, हात नेला आणि तसाच धरून ठेवला. म्हणाली, तात्या, परवा माझी एक मेंढी खांबाला घासत व्हती. मला वाटलं गोचीड. बोट घालून बघायला पायजे व्हतं, सूत काढायच्या नादात न्हाई बघितलं. म्या आनली न्हाई असं मला वाटतंय, पर मनात किंतु हाय. किंतु असताना मी भंडारा कसा उचलू?

तात्याच्या डोळ्यात पाणी आलं. म्हणाला, सखू, उचल की, आगं, उचल. ती म्हणाली, न्हाई.

न उचलणं म्हणजे कबूल करणं. अशीच रीत. बाया कुजबुजायला लागल्या, एकजण उघड म्हणाली, दुसऱ्याला शिकवत फिरती बोटं घाला म्हणून. आक्कानं सगळ्यांपुढं हात जोडले. प्रत्येकापुढं. माझ्याही पुढं जोडले. म्हणाली, नाम्या, माझ्यापायी तुझ्या मेंढरांना काय झालं तर मला सांग.

तिला नाल्याच्या पलीकडं बसवलं, तिथं तेव्हा नव्या इमारतींचे खांब उभे राहत होते आणि पलीकडं एक वीटभट्टी होती. ती, तिचा कुत्रा आणि काळा कळप. भाकरी मी न्यायचो. अर्ध्या वाटेवर दगडावर ठेवायची आणि मागं यायचं. ती लांबून ओरडायची, पोरं जेवली का? एडका कसाय? मी हात हलवायचो.

एक दिवस ती ओरडून म्हणाली, उद्या आंघोळ घालते मेंढरांना, धराया ये. मी म्हणलं, तात्या येऊ देणार नाही. ते खोटं होतं. मी तात्याला विचारलंच नव्हतं, विचारलं असतं तर भावाला नाही म्हणला नसता. पण तिच्यासमोर त्या मेंढरांची लोकर फाकून मला बघवली नसती, आणि बघवली असती तरी माझ्या तोंडून खरं निघालं असतं. म्हणून नाही गेलो.

दोन माणसांचं काम तिनं एकटीनं केलं. एकटीला मेंढरू धरून बुडवायचं तर आपणच खड्ड्यात उतरावं लागतं. कमरेपर्यंत औषधाच्या पाण्यात, हाताला काट्यांनी झालेल्या जखमा, ऊन मरणाचं. आणि वाड्यानं लवकर आत घ्यावं म्हणून औषध सांगितलं होतं त्यापेक्षा जास्त ओतलेलं. आक्कानं, जिनं मला आयुष्यभर सांगितलं की औषध बाटलीवर लिहिलंय तेवढंच.

वीटभट्टीवर जनी नावाची कातकरी बाई होती, तिनं बघितलं. बाई खड्ड्याच्या कडेला पडलेली, तोंडाला फेस, अंग घामानं भिजलेलं, हातपाय उडतायत. जनीनं तिचं भिजलेलं लुगडं सोडून पाण्यानं अंग धुतलं, आपलं दुसरं लुगडं नेसवलं, भट्टीच्या टेंपोत घातलं, आणि एक अक्कल अशी केली की औषधाची बाटली बरोबर घेतली. सरकारी दवाखान्यात डॉक्टरांनी बाटली बघून लगेच इंजेक्शनं सुरू केली. मला निरोप कळला तेव्हा मी एडक्याला चारा घालत होतो. मी दवाखान्यात पोचलो तर जनी बाहेर पायरीवर बसलेली. म्हणाली, तू भाव हाय काय? कामाचे वक्ताला कंचा भाव नसतो, नाय? आणि उठून गेली. तिचा अर्धा दिवस बुडाला होता. तिला मी पुन्हा कधी भेटलो नाही, भट्टी पुढच्या साली उठली.

आक्का दोन दिवसांनी बोलायला लागली. डोळे उघडले, मला बघितलं, ओळखलं. पहिलं काय विचारलं माहितीये? तुझ्या मेंढरांना माझ्यामुळं लागलं न्हाई ना रं?

मी म्हणलं, नाही आक्का. तुझ्यामुळं नाही लागलं.

शब्दाला शब्द खरं होतं ते.

त्या आंघोळीनं तिच्या गाभण मेंढ्या गाभडल्या, काही तिथंच मेल्या. उरलेली खाटकानं नेली, दुसरं कुणी घेईना. काळा कळप संपला. ती वाचली, पण हात गेले. म्हणजे आहेत, पण थरथरतात. पाण्याचा तांब्या तोंडाला लावायचा तर दोन्ही हातांनी. चाती धरता येत नाही. तिनं बऱ्याचदा प्रयत्न केला, चाती जमिनीवर पडून गडगडत जायची आणि ती हसायची. आगं बया, ही बी पळाली.

मी पुढं दोन-तीन वर्षं मेंढरं राखली. पण माझं बोट लोकरीत जाईना. लोकर फाकायची म्हणलं की हात मागं यायचा, आणि न बघता मेंढरं राखणं म्हणजे ती मारणंच. तात्या म्हणाला, खिल्लारी हो. मी नाही म्हणलं, त्याला वाटलं मी बहिणीच्या दुःखानं विरक्त झालो, त्यानं माझं कौतुक केलं वाड्यात. मग विकून टाकली. तोवर धर्माशेटनी शेत दिलं होतं बिल्डरला. तेच म्हणाले, अरं नामा, बिल्डिंगीला वॉचमन पायजे हाय, जागा तुला पाठ हाय, बस इथंच. बसलो. मागं नाल्याकडं खोली घेतली. आक्का आमच्याकडंच असते. तुम्ही बघितलंय तिला, संध्याकाळी माझा डबा घेऊन येते ती म्हातारी. डबा छातीशी आवळून धरते, थरथरीनं सांडू नये म्हणून.

आता खरी गोष्ट. दिवाळी झाली की वाडा अजून येतो. सामान आता टेंपोतून येतं, मेंढरं चालत येतात, इकडं शेतं राहिली नाहीत म्हणून पुढं चिरनेरच्या अंगाला जातात. ज्या दिवशी हमरस्त्यावरून मेंढरं जायची असतात त्या दिवशी आक्काला कोण सांगतं कुणास ठाऊक. ती जाऊन रस्त्याच्या अलीकडं उभी राहते. मेंढरं पलीकडून जातात. बाया हाका मारतात, आगं सखूआक्का, ये की, चार दिवस राहा, ते झालं गेलं कोण काढतंय आता. ती तिथूनच हात जोडते. रस्ता ओलांडत नाही. मी एकदा म्हणलं, जा की. म्हणाली, नगं बाबा, माझ्या पदराला ते हाय. पुन्यांदा कुनाच्या मेंढराला लागायला नगं. मी म्हणलं, आक्का, तुझ्या अंगावर कुठं असतंय ते, मेंढरातनं मेंढराला जातं. म्हणाली, मला नगं शिकवू. भंडारा उचलता आला न्हाई मला.

आणि खोलीत परत आल्यावर ती मला म्हणते, तू उचललास नाम्या, बरं झालं. आपल्या घरातलं एक तरी माणूस स्वच्छ राहिलं.

हे ती दर साली म्हणते सर.

यंदा तात्या आला होता. टेंपोत पुढं बसून. दोन्ही डोळे गेलेत. टेंपो गेटपाशी थांबवला, माझा चेहरा हातानं चाचपला. म्हणाला, माझं काय खरं न्हाई आता, पुढच्या साली घाट उतरीन का सांगता येत न्हाई. सखूला घेऊन कातरणाला ये, मी बोलावलंय म्हून सांग. तिनं त्या दिवशी हात मागं घ्येतला ते माझ्या मनातनं जात न्हाई. ती खोटं बोलनारी न्हवती. मग खरं काय व्हतं, नाम्या? मला म्हणाला हे. मागच्या गाड्या हॉर्न वाजवत होत्या. मी म्हणलं, तात्या, गाड्या अडल्यात.

आक्काला मी निरोप दिला नाही अजून. कातरण शिमग्याच्या आधी असतं, म्हणजे दिवस आहेत. तुम्हाला सांगितलं म्हणजे सुटलो असं नाही, ते मला कळतं. तुम्ही चांगले आहात, चहा दिलात, ऐकून घेतलंत, पण तुम्ही वाड्यातले नाही. तुमच्याकडं भंडारा नाही.

मला चिरनेरला जायचंय. तात्या आहे तोवर, सगळा वाडा बसलेला असताना, भंडारा हातात घेऊन, खरूज माझ्या एडक्यानं आणली आणि मी लपवली, असं म्हणायचंय. आणि ते म्हणताना आक्का तिथं पाहिजे. रस्त्याच्या अलीकडं नाही, वाघुरीच्या आत, मेंढरांत. एवढं माझ्याकडून देणं आहे. अजून दिलेलं नाही.